आप्पांच्या वॉर्डात सात वाजेपर्यंत

आमच्या गल्लीत नळाला पाणी आठव्या दिवशी यायचं, कधी नवव्या, एप्रिल-मेमध्ये बाराव्यासुद्धा. नक्की कधी येणार हे पालिकेच्या फळ्यावर नसायचं, वॉलमनलाही धड सांगता यायचं नाही, ते असायचं आप्पांच्या बंडीच्या खिशातल्या डायरीत. लाल कव्हरची, कुठल्यातरी बियाणं कंपनीनं दिवाळीला फुकट वाटलेली डायरी, तिला रबर गुंडाळलेलं. पहाटे तीन वाजेला वॉलमन सायकलला ती लांब लोखंडी चावी बांधून आला की आप्पा बॅटरी घेऊन चौकात हजर, अन् वॉल फिरला की गल्लीच्या तोंडाशी उभं राहून आरोळी ठोकायचे, "नळ उना वोऽऽ!" मग सगळ्या घरांत दिवे, मोटारींची घरघर, बायांची पळापळ, आणि आमचे बाबा अर्ध्या झोपेत पाइपाच्या वेटोळ्यात पाय अडकून शिव्या देणार. नगरसेवक म्हणजे जो आपल्याआधी उठतो तो, असं मला बरीच वर्षं वाटायचं.

पुढे कळलं की तसं काही नसतं.

आप्पांना मी दोनदा मत दिलं, २००६ ला आणि २०११ ला. आणि आप्पांचं एकही मत मला कधी पटलं नाही. हे दोन्ही एकाच वेळी कसं काय खरं, हा प्रश्न मला परवा गावी गेल्यावर पुन्हा पडला म्हणून लिहायला घेतलं. गावाचं नाव सांगत नाही, तापीच्या अल्याडचं तालुक्याचं गाव आहे एवढं पुरे, आमच्याकडे कोणाचा आप्पा कोण हे तीन फोनमध्ये कळतं.

आप्पांचं राजकारण सुरू होतं धुळ्यात. शिकायला मामाकडे होते, वय बारा, साल १९५७. जनसंघाचे उत्तमराव पाटील धुळ्यातून लोकसभेला उभे होते, निशाणी पणती. त्या वर्षी अख्ख्या देशातून जनसंघाचे चारच खासदार आले, त्यात एक बलरामपूरचे अटलबिहारी वाजपेयी आणि एक आमच्या धुळ्याचे. "चारमा एक आपला," हे वाक्य आप्पांनी मला किमान चाळीस वेळा ऐकवलं असेल. शर्टाला पणतीचा बिल्ला लावून ते पाचकंदीलपर्यंत पळत गेले होते म्हणे. घरी मात्र सगळं उलटं, वडिलांनी १९३६ चं फैजपूरचं काँग्रेस अधिवेशन बैलगाडीनं जाऊन पाहिलेलं, घरात खादी, आणि पोरगं पणतीवालं निघालं, त्यावरून बापलेकांत बरीच वर्षं कामापुरतंच बोलणं होतं. मी कॉलेजात गेल्यावर शहाणपणा करत एकदा म्हटलं, आप्पा, १९५७ ला संयुक्त महाराष्ट्राची लाट होती, जनसंघ समितीत होता, म्हणजे तुमची पणती कॉम्रेड डांग्यांच्या मांडवात तेवत होती. आप्पा जरा थांबले आणि म्हणाले, "तेल कोणाचंबी राहो पोरी, वात आपली व्हती ना."

आणीबाणीचं मात्र त्यांनी कधी भांडवल केलं नाही, हे सांगायला पाहिजे. त्यांचे दोन-तीन मित्र आत गेले, आप्पा नाही, वडिलांनी दुकानातून हलू दिलं नाही. २०१८ ला सरकारनं मिसाबंदींना मानधन सुरू केलं, महिनाभराच्या वर आत असलेल्यांना महिन्याला दहा हजार, तेव्हा गावात अचानक बऱ्याच जणांना आपला तुरुंग आठवायला लागला. आप्पांना कोणीतरी म्हणालं की तुम्हीपण अर्ज करा, कोण बघतंय. आप्पा म्हणाले, त्या वर्षात मी भांडी विकत होतो, खोटं कशाला बोलू.

तर भांड्यांचं दुकान. आधी तांबं-पितळ, मग सगळं स्टील. लग्नसराईत दुकानात पाय ठेवायला जागा नसायची आणि भांड्यावर नाव घालायचं काम आप्पा स्वतः करायचे, नोकराला हात लावू द्यायचे नाहीत. ते छोटं मशीन, त्याचा दातात शिरणारा किर्रर आवाज, आणि आप्पांचं ते जरा डावीकडे कललेलं अक्षर. आमच्या घरात अजून एक पातेलं आहे, त्यावर माझ्या मावशीचं आडनाव चुकीचं घातलंय, मावशी दर दिवाळीला त्यावरून बोलते आणि त्याच पातेल्यात डुबुकवडे करते. विचार करा, वॉर्डातल्या निम्म्या स्वयंपाकघरांत ज्याचं हस्ताक्षर आहे त्याला प्रचारपत्रक कशाला लागतं?

तरी १९८५ ला पडले. १९९१ ला आले, १९९६ ला आले. आमच्याकडे पालिकेची निवडणूक पक्षावर कमी अन् आघाडीवर जास्त चालते, शहर विकास आघाडी, नागरी आघाडी, दर पाच वर्षांनी तीच माणसं नवीन बॅनरखाली. आप्पांची मतं जनसंघाची पण चिन्ह आघाडीचं, याचं त्यांना वाईट वाटायचं, पण फार नाही.

पालिकेबद्दलची त्यांची मतं एका ओळीत सांगायची तर पालिका म्हणजे आपलं घर, आणि घर कर्जावर चालवायचं नाही. घरपट्टी वाढवायची नाही, दर चार वर्षांनी कराची फेरआकारणी आली की आप्पा उभे राहणार, पण जो आहे तो कर थकवणाऱ्याचं नाव सभागृहात वाचून दाखवणार, त्यात त्यांचा सख्खा साडू होता तरी वाचलं. नवीन काही बांधायचं म्हटलं की पहिला प्रश्न, हे झाडायला माणूस कोण ठेवणार अन् त्याचा पगार कुठून? बागेच्या जागेवर शॉपिंग सेंटर नको. कारंजं नको. १९९९ ला सरकारनं नगरपालिकांची जकात बंद केली तेव्हा गावातले व्यापारी पेढे वाटत होते आणि स्वतः व्यापारी असून आप्पा तोंड पाडून बसले होते. नाक्यावरचा पैसा रोज संध्याकाळी पालिकेच्या तिजोरीत यायचा, आता त्याच्याऐवजी मुंबईहून सहायक अनुदान येणार, म्हणजे आपल्याच पैशासाठी हात पसरायचे, असं त्यांचं म्हणणं. मी तेव्हा बारा वर्षांची, मला एवढंच कळलं की नाक्यावरचा तो लाल-पांढरा बांबू आता वरच राहणार. पण नंतर नोकरीत सरकारी कागद हाताळायला लागले, अनुदान उशिरा आलं की पगार कसे अडकतात ते बघितलं, आणि या एका बाबतीत आप्पा बरोबर होते असं मनातल्या मनात कबूल केलं. (वर एकही मत पटलं नाही म्हटलंय. बरं, एक पटलं.)

आणि एक गोष्ट ते करायचे जी बाकीचे करत नसत, विषयपत्रिका वाचायचे. सभेची नोटीस आली की दुकान बंद झाल्यावर शटर अर्धं खाली ओढून, ट्यूबलाइटखाली, लाल पेन घेऊन. वॉर्डातला एकच काँक्रीट रस्ता दोन वेगळ्या नावांनी दोन बिलांत आलेला त्यांनी असाच पकडला, एकात "मारुती मंदिर ते पिठाची गिरणी" आणि दुसऱ्यात "पिठाची गिरणी ते मारुती मंदिर". आयत्या वेळच्या विषयांचा तर त्यांना राग होता. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते, पत्रिकेत नसलेले विषय सभेच्या शेवटी, निम्मे लोक चहाला उठलेले असताना घ्यायचे आणि "सर्वानुमते मंजूर" असं लिहून मोकळं व्हायचं. सर्वानुमते म्हटलं की आप्पा उठायचे, "माझं मत नाही त्यात, लिहून घ्या." ते लिहून घेईपर्यंत उभे राहायचे. दोनदा तर नगरपालिका कायद्याच्या कलम ३०८ खाली कलेक्टरकडे अर्ज करून ठरावाला स्थगिती आणली, स्वतःच्याच आघाडीच्या ठरावाला.

आता जिजी.

७४ वी घटनादुरुस्ती १९९३ ला लागू झाली, एकतृतीयांश जागा बायकांना. आप्पांचा याला ठाम विरोध, भर दुकानात सांगायचे की बाईमाणसाला सभागृहात बसवून चुलीचंही नुकसान अन् पालिकेचंही. मग २००१ ला त्यांचाच वॉर्ड महिला राखीव निघाला. आप्पांनी एका रात्रीत मत बदललं असं म्हणता येणार नाही, मत तेच ठेवलं आणि जिजींचा फॉर्म भरला. जिजी म्हणजे त्यांच्या मंडळी, सातवी शिकलेल्या, कळण्याच्या भाकरी करण्यात अख्ख्या गल्लीत एक नंबर. निवडून आल्या. सभेला आप्पा सोबत जायचे पण आत बसता येत नाही, म्हणून बाहेरच्या पॅसेजमध्ये दाराला लागून बाक होता तिथे बसायचे. दार उघडं. एक खोकला म्हणजे हात वर, दोन खोकले म्हणजे खाली. ही गोष्ट मला पालिकेतल्या शिपायानं सांगितली, पुढे जिजींनी पण हसत हसत मान्य केली.

दोन वर्षं असं चाललं. मग आठवडे बाजारात बायकांसाठी मुतारी बांधायचा विषय आला, तोही समोरच्या आघाडीकडून. जागा मारुती मंदिराच्या मागच्या भिंतीपासून वीस-पंचवीस पावलांवर. आप्पांच्या दृष्टीनं विषय संपला. बाहेरून दोन खोकले. जिजी बसून राहिल्या. परत दोन. मग म्हणे जिजी उभ्या राहिल्या, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि मराठी भाषण वगैरे काही येत नव्हतं म्हणून सरळ अहिराणीत बोलल्या, "बजारमा बाया दिनभर बठतस, त्यासनी कथा जावानं?" एवढंच. सभागृहात मिनिटभर कोणी काही बोललं नाही, कारण सगळ्यांनाच माहीत होतं त्या कुठे जातात, नदीकाठच्या काटेरी झुडपांत, आणि अंधार पडेपर्यंत तेही नाही. पानाच्या टोपल्या, मिरच्या, बिबड्या घेऊन सकाळपासून बसलेल्या बाया दुपारनंतर पाणी पीत नाहीत, जळगाव-भुसावळकडच्या पंचेचाळीस डिग्रीत. दोन्ही आघाड्यांच्या बायकांनी हात वर केले. ठराव मंजूर.

आप्पा तीन दिवस घरात बोलले नाहीत. चौथ्या दिवशी पाणीपुरवठा विभागात जाऊन विचारायला लागले की तिथे नळाची लाइन कुठून देणार, पाणी नसेल तर महिन्यात कुलूप लागेल. लाइन त्यांनीच आणली. त्यांचं हे असंच. मुतारी नको, पण झालीच आहे तर पाणी पाहिजे.

२००६ ला वॉर्ड खुला झाला आणि आप्पांनी फॉर्म स्वतःचा भरला. जिजींनी नगरसेवकपद असं परत केलं जशी शेजारणीची वाटी परत करावी, तिच्यात थोडी साखर घालून. माझं पहिलं मतदान ते. आप्पांना दिलं मी, पण द्यायचं होतं जिजींना, आणि तो पर्याय समोर नव्हता.

मग २००८. मी एमपीएससीचा अभ्यास करत होते. पालिकेनं जुन्या वाचनालयाच्या वर अभ्यासिका सुरू केली, चाळीस खुर्च्या, निधी आप्पांनीच खेचून आणलेला. बाहेर पाटी, मुले सकाळी ६ ते रात्री ११, मुली सकाळी ६ ते सायंकाळी ७. मी आणि माझ्या दोन मैत्रिणी दुकानात गेलो. आप्पा एका मोठ्या परातीवर नाव घालत होते.

"कथा चालनी व माय?"

"तुमच्याकडेच. आप्पा, आम्हाला सात वाजेला उठवतात."

"मग? सात वाजेला पोरींनी घरी पाहिजे."

"मुलं अकरापर्यंत बसतात."

"सातनंतर लाइट जाते. अंधारात जिना उतरताना कोणी काही केलं तर तुझा बाप मला विचारेल का कलेक्टरला?" लोडशेडिंगचे दिवस होते ते, हे खरंच होतं.

"मुलंपण अंधारातच उतरतात ना."

"पोरगं पडलं तर पाय मोडतो. पोरगी..." वाक्य त्यांनी पुरं केलं नाही, परातीवरचा चुरा फुंकून उडवला.

मी म्हटलं, मग लाइटची सोय करा. आणि आप्पांनी केली! महिन्याभरात ठराव, टेंडर, इन्व्हर्टर, दोन बॅटऱ्या, सगळं नियमात. उद्घाटनाचा नारळ मला फोडायला लावला, फोटोपण आहे, मी त्यात मूर्खासारखी हसतेय, आणि माझ्या डोक्याच्या मागे पाटी दिसते, मुली सायंकाळी ७. मी विचारलं तर म्हणाले, "लाइटचा प्रश्न होता ना तुझा? सुटला."

मी सह्यांची मोहीम काढली. गंमत म्हणजे मुलांनी पटापट सह्या केल्या, मुलींच्या आयांनी पेन हातात घेऊ दिलं नाही. माझी आई त्यात पहिली. तेव्हा आमच्या गल्लीच्या शेपटाला नवीन पाइपलाइन टाकायचं चाललं होतं, खड्डे खणून झालेले, पाइप येऊन पडलेले, आणि आई म्हणाली, "आप्पांना आत्ता नको दुखवू. लाइन होऊ दे." लाइन झाली. आमच्याकडे पहिल्यांदा मोटार न लावता दुसऱ्या मजल्यावर पाणी चढलं, आई बादलीकडे बघत बसली होती चक्क. आणि मी सात वाजेला घरी. तेव्हा मला नीट समजलं की त्या पाइपातून नुसतं पाणी येत नव्हतं, आप्पांची मतंपण येत होती आणि आम्ही दोन्ही भरून ठेवत होतो, कारण तोटी एकच होती.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये धुळ्यात दंगल झाली आणि आमच्या चौकात एक सभा. आप्पा जे बोलले ते मी इथे लिहिणार नाही. बाबांनी उठून खिडकी लावली आणि कोणाकडे न बघता परत पेपर उघडला, बाबा आणि आप्पा पंचवीस वर्षांचे दोस्त. पुढच्याच आठवड्यात आप्पा मोहल्ल्यात गटारीचा उतार मोजत उभे, लेव्हलची नळी हातात, दोन मुसलमान पोरं दुसरं टोक धरून. कोणी याला मोठं मन वगैरे म्हणेल, म्हणू नका. मोहल्ल्याचा उतार आमच्या गल्लीकडे आहे, तिकडची गटार तुंबली की घाण आमच्या दारात येते. आप्पांना उताराचं कळायचं. गटार मात्र चांगली झाली, अजून तुंबलेली नाही, आणि ज्या घरांबद्दल ते चौकात तसं बोलले त्या घरांतूनही २०११ ला त्यांना मतं पडली. ती त्यांनी कशी घेतली असतील, मोजताना काही वाटलं असेल का, हे मी त्यांना कधी विचारलं नाही. विचारायला पाहिजे होतं. मीसुद्धा त्याच बूथवर तेच बटण दाबून आले होते.

२०१६ ला आघाडीनं त्यांना तिकीट दिलं नाही. दोन जणांचा प्रभाग झालेला, पॅनल पाहिजे, पैसा पाहिजे, पोरंसोरं पाहिजेत. आप्पा अपक्ष उभे राहिले, चिन्ह कपबशी. नोव्हेंबरात नोटबंदी झाली आणि पालिकेनं पाचशे-हजारच्या जुन्या नोटांत कर घ्यायला सुरुवात केली, तर सभागृहात ज्यांची नावं आप्पांनी वीस वर्षं वाचली ते सगळे थकबाकीदार पिशव्या घेऊन रांगेत. आप्पा प्रचार सोडून ती रांग बघायला दोनदा गेले. पडले, शंभराच्या आत. मी पुण्याहून गेले नव्हते, सुट्टी मिळाली नाही असं मी तेव्हा सगळ्यांना सांगितलं, खरं म्हणजे मी मागितलीच नव्हती.

नवीन नगरसेवक आले त्यांनी अभ्यासिकेची पाटी काढली, आता चोवीस तास, मुलामुलींना सारखीच, कॅमेरे लावले, फेसबुकवर छान टाकलं. चांगलंच झालं. पत्रिका ते वाचतात का, माहीत नाही. नळ अकराव्या दिवसावर गेला.

२ डिसेंबर २०२५ ला मतदान होतं म्हणून मी गेले. गावाच्या मतदारयादीत माझं नाव अजून आहे. मत कोणाला दिलं ते जाऊ द्या. संध्याकाळी आप्पांच्या ओट्यावर गेले. ऐंशी वर्षांचे झालेत, मफलर, कानाचं मशीन, शेजारी रिकामी खुर्ची, जिजी कोविडच्या दुसऱ्या लाटेत गेल्या. मोजणी दुसऱ्या दिवशी होती ती हायकोर्टानं २१ तारखेवर ढकलली होती, त्यावर आप्पा वैतागलेले, एवढे दिवस मशीन राखत बसायचं म्हणजे काय. पण खरा राग त्याच्या आधीच्या काळावर. मुदत संपल्यापासून पालिकेवर प्रशासक. "चार साल व्हई ग्यात, सभाच नई," ते म्हणाले. सभा नाही म्हणजे पत्रिका नाही, पत्रिका नाही म्हणजे रात्री करायचं काय. ठराव होतात, पण "माझं मत नाही त्यात" म्हणायला कोणी उभंच नाही. पाणी नाही आलं तर शिव्या कोणाला द्यायच्या, हे त्यांनी मला बोट नाचवत विचारलं.

मी म्हटलं, आप्पा, ती अभ्यासिकेची पाटी आठवते का, मुली सात वाजेपर्यंत.

"आठवते ना. एक पोरगी पडली का जिन्यावरून माझ्या काळात?"

यावर काय बोलणार. सून चहा घेऊन आली, कप स्टीलचे, त्यावर तेच कललेलं अक्षर. डायरी बंडीच्या खिशात होतीच, कुठल्यातरी नव्या कंपनीची, रबर मात्र जुनंच असावं. ती काढून त्यांनी मला विचारलं, "पुनामा नळ कवय येस?"

"रोज येतो आप्पा. चोवीस तास."

"रोज?" त्यांनी कानाचं मशीन दाबून बघितलं. "मंग मीटर शे का?"

मला माहीत नव्हतं.